वाचकांचे प्रश्न : उमटलेला आवाज कुठे जातो?

गेल्या महिन्यात याच पानावर मी जुन्या तबकड्या कशा जपाव्यात ते लिहिलं होतं. त्यावर आलेल्या पत्रांत तबकड्यांपेक्षा आवाजाबद्दलच जास्त विचारलं आहे. एकदा उमटलेला आवाज कुठे जातो, तो कुठेतरी शिल्लक राहत असेल का, हे वेगवेगळ्या गावांच्या, वेगवेगळ्या वयांच्या वाचकांना जाणून घ्यायचं आहे. माझी नोकरी एका ध्वनिसंग्रहात झाली. जुन्या फिती आणि तबकड्या पुसायच्या, ऐकायच्या, उतरवून घ्यायच्या, हेच काम. त्यामुळे हा प्रश्न माझ्याही जिव्हाळ्याचा आहे आणि या वेळची सगळी जागा मी याच पत्रांना देते आहे.

“समुद्रावर गोठलेले शब्द वितळतात आणि ऐकू येतात, अशी एक गोष्ट आमच्या सरांनी वर्गात सांगितली. ती कोणाची? आणि एखाद्या जगात प्रचंड थंडी असेल तर तिथे असं खरंच होईल का?”
अकरावीचा विद्यार्थी, बार्शी

सरांनी सांगितलेली गोष्ट फ्रांस्वा राबले या फ्रेंच लेखकाची असणार. पांताग्रुएलच्या सफरींचं चौथं पुस्तक १५५२ साली पूर्ण रूपात छापलं गेलं, त्यातल्या ५५ व्या आणि ५६ व्या प्रकरणांत ती येते. पांताग्रुएल हा महाकाय राजपुत्र सोबत्यांना घेऊन जहाजातून निघाला आहे. खाणंपिणं आणि गप्पा रंगात आलेल्या असताना तो एकदम उठतो आणि कान देऊन ऐकू लागतो. आसपास कोणी दिसत नाही, पण हवेत माणसं बोलताहेत. पुरुष, बायका, मुलं, घोडेसुद्धा. पान्युर्ज नावाचा त्याचा सोबती घाबरून पळून जाऊ म्हणतो. तेव्हा सुकाणू धरलेला तांडेल समजावतो, की ही गोठलेल्या समुद्राची हद्द आहे. गेल्या हिवाळ्याच्या तोंडाला इथे दोन जमातींची मोठी लढाई झाली. त्या वेळच्या आरोळ्या, गदांचे घाव, चिलखतांची खणखण, घोड्यांचं खिंकाळणं, सगळं हवेतच गोठलं. आता थंडी सरली म्हणून ते वितळतंय आणि ऐकू येतंय.

मग पांताग्रुएल मुठी भरभरून गोठलेले शब्द जहाजाच्या फळ्यांवर टाकतो. दिसायला ते रंगीबेरंगी साखरेच्या गोळ्यांसारखे. हातात धरून ऊब दिली की विरघळतात आणि ऐकू येतात. कळत मात्र नाहीत, कारण भाषा परकी आहे. जाँ नावाचा साधू एक जरा मोठा तुकडा हातात घेऊन ऊबवतो, तर तो फाडकन फुटतो. तो त्या लढाईतल्या तोफेचा बार होता.

राबलेच्या या जगाला नियम आहेत, ते बघ. आवाज टिकला तरी त्याचा अर्थ टिकेलच असं नाही. माझ्या कामात हे फार भेटलं. वरचं लेबल गळून पडलेली एखादी फीत यायची. आवाज स्वच्छ, खणखणीत, पण बोलणारी बाई कोण, गाव कुठलं, कोणत्या प्रसंगी बोलते आहे, हे सांगणारं कोणी उरलेलं नसायचं. अशी फीत ऐकताना जो अस्वस्थपणा येतो, तो सुमारे पावणेपाचशे वर्षांपूर्वी कोणाच्या तरी कल्पनेत आला होता, याचं मला फार अप्रूप वाटतं.

गोष्टीच्या शेवटी निवेदकाला काही शब्द तेलात घालून आणि स्वच्छ गवतात गुंडाळून ठेवावेसे वाटतात. पांताग्रुएल त्याला अडवतो. जे कधीच कमी पडत नाही, सदैव हाताशी असतं, ते साठवणं हा वेडेपणा, असं त्याचं म्हणणं. इथे माझं पांताग्रुएलशी अजिबात पटत नाही. शब्द कमी पडत नसतील, पण ते बोलणारा गळा एकच असतो.

कल्पना राबलेच्याही आधीची आहे. प्लुटार्क या ग्रीक लेखकाने अशीच एक गंमत नोंदवून ठेवली आहे: एका शहरात इतकी थंडी, की हिवाळ्यात बोललेलं लोकांना उन्हाळ्यात ऐकू येई. १५२८ साली इटलीत कास्तिल्योने यांच्या पुस्तकातही ती येते. त्यात नीपर नदीच्या दोन काठांवरून व्यापारी फरच्या कातड्यांचा सौदा करताहेत आणि शब्द पलीकडे पोहोचायच्या आत मधेच गोठताहेत. शेवटी नदीच्या गोठलेल्या पात्रात मधोमध शेकोटी पेटवावी लागते.

आता तुझा दुसरा प्रश्न. हवेतला ध्वनी म्हणजे दाबाची चढउतार, एका थराकडून दुसऱ्या थराकडे सरकत जाणारी. थंडीने ती थांबत नाही, फक्त मंदावते. २० अंश सेल्सिअसला ध्वनी सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो, शून्य अंशाला ३३१. आणखी थंडी वाढवत नेलीस तर उणे १९६ अंशांना हवेतला नायट्रोजनच द्रवरूप होईल आणि शब्द धरायला हवाच उरणार नाही. चढउतार जागच्या जागी थांबवून ठेवता येत नाही. जिथे दाब जास्त तिथून कमी असेल तिकडे हवा लगेच सरकते आणि शब्द सपाट होतो.

उत्तरेकडच्या लोकांना अशी कल्पना सुचण्यामागे मात्र काही प्रत्यक्ष अनुभव असू शकतो. कडाक्याच्या थंडीत जमिनीलगतची हवा वरच्या हवेपेक्षा गार असते, तेव्हा वर जाणारा ध्वनी वाकून पुन्हा खाली येतो आणि फार लांबचं बोलणं जवळ असल्यासारखं ऐकू येतं. सायबेरियातल्या याकूतियात उणे ५० अंशांच्या आसपास श्वासातली वाफ बाहेर पडताच गोठते आणि तिच्या कणांची बारीक सळसळ कानाला जाणवते. तिथे तिला ‘ताऱ्यांची कुजबुज’ म्हणतात. माणूस नसताना बोलणं ऐकू येणं आणि श्वास गोठताना आवाज होणं, हे दोन्ही ज्यांनी अनुभवलं त्यांना गोठलेल्या शब्दांची गोष्ट फार लांबची वाटली नसेल.

आणि तरीही, थंड झाल्यामुळे ध्वनी खरोखर गोठला असं एकदा घडलं आहे. विश्व अगदी कोवळं होतं तेव्हा ते तप्त, दाट द्रव्याने भरलेलं होतं, आणि त्या द्रव्यातून दाबाच्या लाटा, म्हणजे खऱ्या अर्थाने ध्वनी, प्रकाशाच्या निम्म्याहून जास्त वेगाने पसरत होत्या. विश्व सुमारे ३,८०,००० वर्षांचं झालं, तापमान ३,००० अंशांच्या आसपास उतरलं, इलेक्ट्रॉन आणि केंद्रकं जोडली जाऊन अणू झाले, प्रकाश द्रव्यापासून मोकळा झाला आणि लाटांना पुढे रेटणारा दाबच गेला. जी लाट जिथे होती तिथे थांबली. त्या जागी द्रव्य किंचित दाट राहिलं आणि पुढे तिथे थोड्या जास्त दीर्घिका, म्हणजे ताऱ्यांचे प्रचंड समूह, जन्मल्या. २००५ साली दोन वेगवेगळ्या गटांनी हजारो दीर्घिकांमधली अंतरं मोजून दाखवलं, की सुमारे ५० कोटी प्रकाशवर्षं अंतरावर दीर्घिकांच्या जोड्या अपेक्षेपेक्षा जास्त सापडतात. हा त्या थांबलेल्या ध्वनीचा माग आहे. त्यात शब्द नाहीत, कोणी बोलणाराही नव्हता. पण ‘गोठलेला ध्वनी’ हे नाव मनापासून द्यावं असं माझ्या माहितीत एवढंच एक उदाहरण आहे. भौतिकशास्त्राची आवड असेल तर बारावीनंतर हा विषय जरूर शोध.

“कीर्तनात नेहमी ऐकतो की शब्द नित्य आहे, तो आकाशात कायम राहतो. कुरुक्षेत्रावरची गीता भगवंतांच्या आवाजात पकडण्याचं यंत्र शास्त्रज्ञ तयार करत आहेत, असंही बुवा म्हणाले. हे कितपत खरं?”
एक वाचक, पैठण

असं यंत्र कोणी तयार करत नाही आणि ते तयार होऊही शकत नाही, हे आधी स्पष्ट सांगते. पण ‘शब्द नित्य आहे’ हे वाक्य आपल्याकडे मोठ्या वादातून आलेलं आहे आणि त्याचा यंत्राशी जोडला जाणारा अर्थ मूळचा नाही.

शब्द नित्य म्हणणारे मीमांसक, म्हणजे वेदवाक्यांच्या अर्थाचा विचार करणारे तत्त्वज्ञ. पण त्यांच्या लेखी नित्य आहे तो वर्ण, म्हणजे भाषेतलं अक्षर. गळ्यातून निघालेला विशिष्ट ध्वनी त्या वर्णाला फक्त प्रकट करतो आणि विरतो. जैमिनींच्या सूत्रांवरच्या भाष्यात शबरस्वामी एक सुंदर दाखला देतात: कोणी आठ वेळा ‘गो’ म्हटलं तर आपण ‘गो शब्द आठ वेळा उच्चारला’ म्हणतो, ‘आठ गो शब्द झाले’ म्हणत नाही. म्हणजे शब्द तोच, उच्चार आठ. अमुक माणसाचा अमुक दिवशीचा आवाज हवेत तरंगत राहतो असा त्यांचा दावाच नाही. उलट बाजूला नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचे तत्त्वज्ञ. ते म्हणत, शब्द हा आकाशाचा गुण खरा, पण तो उत्पन्न होतो आणि नष्टही होतो. पहिला शब्द दुसऱ्याला जन्म देतो, दुसरा तिसऱ्याला, आणि असा एक शब्द कानापर्यंत येतो. याला त्यांनी वीचीतरंगन्याय म्हटलं: पाण्यावर एका लाटेतून दुसरी उठते तसं. काहींनी त्याऐवजी कदंबाच्या फुलाचा दाखला दिला, सगळ्या दिशांना एकदम फुलणाऱ्या केसरांचा. ध्वनी कसा पसरतो याची इतकी नेमकी समज आपल्या परंपरेत असताना आपण तिचा अभिमान बाळगावा, आणि यंत्राची अफवा मात्र कीर्तनाबाहेर ठेवावी, असं मला कळकळीने वाटतं.

शब्द हवेत कायम राहतो असं खरोखर लिहिणारा माणूस होता इंग्रज गणिती चार्ल्स बॅबेज, ज्याने गणनयंत्राची कल्पना मांडली तोच. १८३७ साली त्याने लिहिलं, की हवा हे एक अफाट ग्रंथालय आहे आणि आजवर पुरुष जे बोलले, बायका जे कुजबुजल्या, ते सगळं तिच्या पानांवर कायमचं लिहिलेलं आहे. हवेचा प्रत्येक कण धक्का खातो आणि पुढे देतो, म्हणून गणित येणाऱ्या एखाद्या सर्वज्ञ बुद्धीला मागे जात जात मूळ शब्द वाचता येईल, असा त्याचा तर्क. त्याने हे लिहिलं ते न्यायाच्या ओढीने. त्याच प्रकरणात तो म्हणतो, की माणसाची जात नाहीशी झाल्यावरही हवेचा कण जुलमी माणसाच्या हुकुमाची साक्ष देईल आणि ओसाड किनाऱ्यावरची लाट बुडवून मारलेल्याच्या शेवटच्या श्वासाची. ते वाचून माझ्या अंगावर काटा येतो. असं असायला हवं होतं, असं वाटत राहतं.

पण तसं नाही. साध्या बोलण्यातली ध्वनिशक्ती वॅटच्या एक लाखाव्या भागाच्या आसपास असते. ती भिंतींत, कपड्यांत, हवेच्याच घर्षणात मुरते आणि उष्णता बनते. हवेचा एकेक रेणू सेकंदाला अब्जावधी वेळा दुसऱ्यावर आदळतो, त्या गोंधळात शब्दाची रचना काही क्षणांत विस्कटते. ऊर्जा नष्ट होत नाही हे खरं. चिमूटभर मीठ गोदावरीत टाकलं तर तेही नष्ट होत नाही, पण ते मीठ पुन्हा त्याच चिमटीत येत नाही.

“विजापूरच्या गोलघुमटात टाळी कितीतरी वेळा परत ऐकू येते. जगात सर्वात जास्त वेळ आवाज कुठे टिकतो?”
एक वाचक, सोलापूर

गोलघुमट तुम्ही सकाळी लवकर, गर्दी होण्याआधी ऐकला असेल तर भाग्यवान आहात. महंमद आदिलशहाची ही कबर १६५६ साली बांधून झाली. घुमटाचा बाहेरचा व्यास सुमारे ४४ मीटर, आतल्या भिंती दगडी आणि गिलावा केलेल्या. ध्वनी शोषून घेणारं आत फारसं काही नाही, म्हणून तो पुन्हा पुन्हा परावर्तित होत राहतो. घुमटाच्या आतल्या गोल सज्जात भिंतीला तोंड लावून कुजबुजलं तर समोरच्या बाजूला ऐकू येतं ते वेगळ्या कारणाने: वक्र भिंतीला चिकटून ध्वनी सरकत जातो.

सर्वात दीर्घ घुमणाऱ्या जागेचा मान स्कॉटलंडमधल्या इंचिनडाउन इथल्या भूमिगत तेलटाक्यांना मिळाला आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात डोंगराच्या पोटात बांधलेल्या. ध्वनिशास्त्रज्ञ ट्रेव्हर कॉक्स यांनी तिथे मोजलं, तेव्हा १२५ हर्ट्झच्या खर्ज ध्वनीला विरायला ११२ सेकंद लागले. जवळजवळ दोन मिनिटं. आपल्या घरच्या खोलीत हाच काळ अर्ध्या सेकंदाच्या आसपास असतो.

मोकळ्यावर याहून जास्त काळ प्रवास केलेले ध्वनीही आहेत. १८८३ च्या ऑगस्टमध्ये क्राकाटोआ ज्वालामुखीचा स्फोट झाला, तो सुमारे ४,८०० किलोमीटरवरच्या रॉड्रिग्ज बेटावर तोफांच्या गडगडाटासारखा ऐकू आला, आणि त्याची दाबलाट जगभरच्या वायुभारमापकांवर पुढचे काही दिवस पुन्हा पुन्हा नोंदली गेली. समुद्रात तर साधारण एक किलोमीटर खोलीवर पाण्याचा असा एक थर असतो, जिथे ध्वनीचा वेग सर्वात कमी होतो आणि त्यामुळे ध्वनी वरखाली न निसटता आडवा जात राहतो. १९६० साली ऑस्ट्रेलियात पर्थजवळ समुद्रात केलेला स्फोट पृथ्वीच्या जवळजवळ दुसऱ्या टोकाला, बर्म्युडाजवळ ऐकला गेला. वाटेत त्याला सुमारे पावणेचार तास लागले. देवमासेही याच थराचा फायदा घेतात असं मानलं जातं.

म्हणजे विश्वाचा तो ध्वनी सोडला तर घुमटात सेकंद, टाकीत मिनिटं, समुद्रात तास, हवेत दिवस. त्यापुढे आवाजाला कुठल्या तरी वस्तूत जागा मिळावी लागते.

“मडकं फिरत्या चाकावर असताना कुंभाराचं बोलणं त्याच्या रेघांत उमटतं आणि हजारो वर्षांनी ऐकता येतं, असा व्हिडिओ पाहिला. आम्ही पिढीजात कुंभार. हे खरं आहे का?”
एक वाचक, लातूर जिल्हा

तुमच्या हाताखालची माती किती मऊ, ओली आणि जड असते ते तुम्हीच मला सांगाल. बोलण्याने हवेत होणारी थरथर इतकी बारीक असते, की काडीच्या टोकातून ती मातीत कोरली जाणं जवळजवळ अशक्य. १९६९ साली रिचर्ड वुडब्रिज या अमेरिकन माणसाने एका तांत्रिक नियतकालिकाला पत्र लिहून असा दावा केला होता, की मडक्याच्या रेघांवरून सुई फिरवून त्याने चाकाची घरघर ऐकली. चाकाचा हादरा मातीत उतरू शकतो. प्राचीन माणसाचं बोलणं मात्र आजपर्यंत कुठल्याही मडक्यातून कोणी ऐकलेलं नाही.

पण ऐकण्यासाठी न केलेली खूण शेवटी ऐकू आली, असं एकदा खरोखर झालं आहे, आणि ती हकिगत मला या सगळ्या विषयात सर्वात प्रिय आहे.

पॅरिसमध्ये एदुआर-लेओं स्कॉट द मार्तेंव्हिल नावाचा एक छापखान्यातला माणूस होता. कानातला पडदा हलतो तसा पडदा तयार करून त्याला बारीक केस लावावा, दिव्याची काजळी धरलेला कागद फिरत्या नळकांड्यावर गुंडाळावा आणि बोलणाऱ्याचा आवाज त्या काजळीत रेघ बनून उतरावा, असं यंत्र त्याने केलं. १८५७ साली त्याचं पेटंट घेतलं. पुन्हा ऐकण्याचा विचार त्याच्या डोक्यातच नव्हता. आवाज डोळ्यांनी वाचता यावा, एवढंच त्याला हवं होतं. ९ एप्रिल १८६० रोजी त्याने एका फ्रेंच बालगीताची ओळ त्या यंत्रासमोर म्हटली. कागद पॅरिसच्या विज्ञान अकादमीत जाऊन पडला. १८७७ साली आवाज पुन्हा ऐकवणारं एडिसनचं फोनोग्राफ आलं, जग त्याच्या मागे गेलं, आणि १८७९ साली स्कॉट वारला.

२००८ साली काही संशोधकांनी त्या कागदाची अतिशय बारकाईने प्रतिमा काढली आणि अमेरिकेतल्या लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेत संगणकाने त्या रेघेचा पुन्हा ध्वनी केला. पहिल्यांदा तो एखाद्या मुलीचा आवाज वाटला. सोबत नोंदलेल्या ट्यूनिंग फोर्कच्या, म्हणजे ठरावीक सूर देणाऱ्या धातूच्या चिमट्याच्या, रेघेचा अर्थ नीट लावल्यावर कळलं, की तो दुप्पट वेगाने वाजवला गेला होता. वेग निम्मा केल्यावर ऐकू आला एक सावकाश, काळजीपूर्वक गाणारा पुरुष, बहुधा स्कॉट स्वतः. काही सेकंदांचं गाणं, काजळीत १४८ वर्षं थांबलेलं. मी ते हेडफोन लावून ऐकलं तेव्हा सुरुवातीला नुसती खरखर वाटली, आणि मग अचानक त्यातून सूर चढताना कळला. ज्याला कधीच ऐकलं जाण्याची अपेक्षा नव्हती, त्याचा तो सूर होता.

आणि जो आवाज काजळीतही उतरला नाही तो गेला. थोर गवई भास्करबुवा बखले १९२२ साली गेले. तोवर गायिका गौहर जानच्या पहिल्या तबकड्या निघून वीस वर्षं होत आली होती, यंत्रं होती, कंपन्या होत्या. तरी बुवांचा गळा आज कुठेच ऐकायला मिळत नाही. बालगंधर्व आणि मास्तर कृष्णराव या त्यांच्या शिष्यांच्या तबकड्यांत त्यांच्या तालमीचा वास शोधत बसावं लागतं. याची हळहळ मला आजही वाटते.

“माझ्या दिवंगत आईच्या जात्यावरच्या ओव्यांची एक कॅसेट आहे, १९८७ ची. तिच्यात एक विचित्र गोष्ट आहे. आई ओवी सुरू करायच्या आधी, शांतता असताना, तीच ओवी अगदी पुसट ऐकू येते, आणि मग ती खरी गाते. घरातले काहीजण घाबरतात. हे काय आहे? कॅसेट कशी जपू?”
एक निवृत्त शिक्षिका, देवरुख

ताई, घाबरण्यासारखं काहीच नाही, घरच्यांनाही सांगा. कॅसेटची फीत रिळावर एकावर एक गुंडाळलेली असते. ज्या वेढ्यावर आईंचा आवाज चुंबकित झाला आहे, तो शेजारच्या वेढ्याला वर्षानुवर्षं चिकटून असतो, आणि थोडासा ठसा तिथेही उमटवतो. आमच्या कामात याला प्रिंट-थ्रू म्हणतात. शेजारचा वेढा शांततेचा असेल तर हा पुसट ठसा स्पष्ट कळतो. कॅसेटची फीत सेकंदाला पावणेपाच सेंटिमीटरच्या आसपास सरकते आणि रिळाचा एक वेढा सात ते पंधरा-सोळा सेंटिमीटरचा असतो, म्हणून पुसट ओवी खऱ्या ओवीच्या दीड ते तीन-सव्वातीन सेकंद आधी येते. घड्याळ लावून बघा, हिशोब जुळेल. फीत जितकी पातळ तितका हा ठसा जास्त, म्हणून १२० मिनिटांच्या कॅसेटमध्ये तो जास्त आढळतो. उष्णतेनेही वाढतो, तेव्हा कॅसेट पत्र्याखालच्या माळ्यावर ठेवू नका.

आता जपणुकीचं. कोकणातल्या हवेत पहिला शत्रू बुरशी. खिडकीतून फितीच्या कडेवर पांढरी पूड दिसत असेल तर कॅसेट मुळीच वाजवू नका. ती पूड यंत्राच्या हेडवर, म्हणजे फितीला टेकून आवाज वाचणाऱ्या भागावर, जाईल आणि पुढच्या प्रत्येक कॅसेटला लागेल. सिलिका जेलच्या पुड्या घालून घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवा आणि जाणकाराकडे द्या. बुरशी नसेल तर आधी बघा, की फितीच्या मागे तांब्याच्या पट्टीवर असते ती फेल्टची बारीक गादी जागेवर आहे का. इतक्या वर्षांत तिचा डिंक सुटतो. सुटली असेल तर फीत स्क्रूवाल्या रिकाम्या कॅसेटमध्ये बदलून घ्यावी लागते. हे घरी करू नका.

वाजवण्याआधी चांगल्या डेकवर फीत एकदा पूर्ण पुढे, एकदा पूर्ण मागे गुंडाळा. त्याने वेढे मोकळे होतात आणि पुसट ठसाही थोडा कमी होतो. हेड आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसलेला असावा. उतरवून देणाऱ्याला सांगा, की हेडचा कोन या कॅसेटला जुळवून घ्या. जुन्या टेपरेकॉर्डरवर भरलेल्या कॅसेटला हे केलं नाही तर आवाज गोधडीतून आल्यासारखा येतो. फाइल वेव्ह (WAV) प्रकारात घ्या, ९६ किलोहर्ट्झ, २४ बिट. एमपी-३ नंतर नातेवाइकांना पाठवायला करा. तीन प्रती ठेवा आणि त्यातली एक दुसऱ्या गावी.

पुण्याजवळच्या मावळ-मुळशीसारख्या भागांतून हेमा राईरकर आणि गी प्वातव्हँ यांनी सहकाऱ्यांसोबत लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. पुढे त्यांतल्या काही ध्वनिमुद्रितही झाल्या आणि आज त्या इंटरनेटवर ऐकता येतात. तिथे प्रत्येक ओवीसोबत गाणाऱ्या बाईचं नाव आणि गाव दिलेलं असतं. तुम्हीही तसंच करा. १९०२ साली गौहर जानने तबकडीच्या शेवटी स्वतःचं नाव मोठ्याने सांगितलं, कारण तबकडी जर्मनीत तयार व्हायची आणि तिथल्या कामगारांना कोणाचा आवाज ते कळायला हवं होतं. तुमच्या फाइलच्या सुरुवातीला तुम्ही स्वतःच्या आवाजात आईंचं नाव, माहेर, सासर, वर्ष आणि ती ओवी कोणत्या वेळी गात ते सांगा. ओव्यांचे शब्द कागदावरही उतरवा, जुने शब्द कळत असतील तर अर्थासह. ते समजावून सांगणाऱ्या तुम्ही आज आहात.

एक शेवटची सूचना. दुकानदार विचारेल, खरखर काढून टाकू का, जात्याची घरघर कमी करू का, ती पुसट ओवी पुसू का. पहिल्या फाइलला त्याला हातही लावू देऊ नका. जे करायचं ते प्रतीवर करू दे. जात्याची घरघर तर प्रतीतही ठेवा. ओवीची लय त्या फिरण्यावर बसवलेली आहे.